थकलेले गृहकर्ज हप्त्यांनी फेडायला न्यायालयाने मुदत द्यावी का?

मुक्ता_प (धागाकर्ती)

नमस्कार. माझ्या मोठ्या बहिणीने आणि भावोजींनी पुण्यात सदनिका घेताना एका खासगी बँकेचे गृहकर्ज काढले होते. भावोजींची नोकरी गेली, सात हप्ते थकले, खाते एनपीए (थकीत, अनुत्पादक कर्ज) झाले आणि आता सरफेसी कायद्याच्या, म्हणजे न्यायालयात दावा न करता तारण ताब्यात घेऊन विकण्याचा अधिकार बँकांना देणाऱ्या कायद्याच्या, कलम १३(२) खालची नोटीस घरी आली आहे. महिन्याचा हप्ता ३४ हजार रुपये, म्हणजे थकलेले हप्ते २ लाख ३८ हजार आणि दंड धरून सगळी थकबाकी साधारण २ लाख ६० हजार होते. नोटिशीत मात्र केवळ थकबाकी मागितलेली नाही. सगळे कर्ज, म्हणजे जवळपास ३८ लाख रुपये, ६० दिवसांत भरा असे लिहिले आहे.

भावोजींना आता पुन्हा नोकरी लागली आहे. चालू हप्ता ते भरू शकतात आणि थकबाकीही दरमहा थोडी थोडी करून वर्षाच्या आत संपवू शकतात. शाखेत मात्र “प्रकरण आता वसुली विभागाकडे गेले आहे” एवढेच उत्तर मिळते. केरळ उच्च न्यायालय अशा कर्जदारांना थकबाकी हप्त्यांनी भरण्याची सवलत देते, असे एका परिचितांनी सांगितले. माझे दोन प्रश्न आहेत. महाराष्ट्रात अशी सवलत मिळू शकते का? आणि तत्त्व म्हणून पाहिले, तर न्यायालयांनी ती द्यावी का? मला वाटते, द्यावी. ज्याची परतफेडीची ऐपत परत आली आहे, त्याचे राहते घर लिलावात काढून कोणाचेच भले होत नाही.

सह्याद्रीवासी

नोटिशीवरची तारीख आणि ती हातात पडल्याची तारीख, दोन्ही लगेच लिहून ठेवा. पुढच्या सगळ्या मुदती त्यांवर अवलंबून आहेत.

कायदेकानू

मुक्ताताई, आधी कायद्याचा सांगाडा सांगतो, म्हणजे सवलत नेमकी कुठे बसते आणि कुठे बसत नाही, ते कळेल.

सरफेसी कायदा २००२ चा. सलग ९० दिवसांहून अधिक थकबाकी राहिली की खाते एनपीए होते आणि त्यानंतर बँक कलम १३(२) ची नोटीस देते. या नोटिशीने बँक सगळे कर्ज परत मागते, त्यामुळे ३८ लाखांचा आकडा पाहून घाबरू नका. ही नोटीस अशीच असते. या ६० दिवसांत कलम १३(३अ) प्रमाणे लेखी आक्षेप किंवा निवेदन देता येते आणि बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावेच लागते. हे उत्तर न देणे ही गंभीर त्रुटी आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेले आहे. मात्र उत्तर नकारार्थी आले, म्हणून तेवढ्याच कारणावरून न्यायाधिकरणात जाता येत नाही.

६० दिवस उलटले की बँक कलम १३(४) खाली ताबा घेऊ शकते. बहुधा आधी प्रतीकात्मक ताबा घेतला जातो, म्हणजे दारावर नोटीस लावतात आणि दोन वृत्तपत्रांत, त्यांतील एका स्थानिक भाषेतील वृत्तपत्रात, ती छापतात. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक कलम १४ खाली मुख्य महानगर दंडाधिकारी किंवा जिल्हाधिकारी यांच्याकडे अर्ज करते. कलम १३(४) ची कारवाई झाल्यापासून ४५ दिवसांत कलम १७ खाली कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत, अर्ज करता येतो. महाराष्ट्रात डीआरटी मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे आहेत. दिवाणी न्यायालयात जाण्याची वाट कलम ३४ ने बंद केलेली आहे.

आता मुख्य मुद्दा. या सगळ्या कायद्यात “थकबाकी हप्त्यांनी भरा आणि कर्ज पूर्ववत सुरू ठेवा” असा हक्क कर्जदाराला कुठेही दिलेला नाही. कलम १३(८) मध्ये तारण सोडवून घेण्याचा हक्क आहे, पण तो संपूर्ण येणे आणि खर्च भरून सोडवण्याचा आहे. केरळमध्ये जी सवलत मिळते, ती उच्च न्यायालयाच्या घटनेतील अनुच्छेद २२६ खालच्या अधिकारातून मिळते, आणि तीही न्यायालयाच्या विवेकाने. हक्क आणि कृपा यांतला हा फरक पुढची प्रत्येक पायरी टाकताना लक्षात ठेवावा लागतो.

ठेवीदार_एक

धागाकर्तींबद्दल पूर्ण सहानुभूती ठेवून मी वेगळे मत मांडतो. बँकेचा पैसा म्हणजे ठेवीदारांचा पैसा. एका सहकारी बँकेवर निर्बंध आले तेव्हा माझी आयुष्यभराची बचत तिच्यात अडकली आणि आईच्या औषधांसाठी नातेवाइकांकडे हात पसरावे लागले. त्या बँकेची कर्जे बुडाली होती म्हणूनच ती अडचणीत आली. ठेव विम्याची मर्यादा २०२० मध्ये १ लाखावरून ५ लाखांवर गेली, तरी त्यापुढच्या रकमेला संरक्षण नाही. प्रत्येक थकबाकीदाराला न्यायालय मुदत देऊ लागले, तर जो माणूस पोटाला चिमटा काढून वेळेवर हप्ता भरतो, त्याने काय समजायचे? करार करताना हप्त्याची तारीख दोघांनाही मान्य होती.

निवृत्त_बँकर

ठेवीदारजी, आपली वेदना खरी आहे. मी कर्जवसुलीच्या बाजूला अनेक वर्षे काम केले आहे, म्हणून बँकेच्या आतून हे कसे दिसते, ते सांगतो.

राहत्या घराचा लिलाव हा बँकेसाठी क्वचितच फायद्याचा व्यवहार असतो. ताबा मिळवण्यात वेळ जातो, राखीव किंमत ठरवण्यासाठी मूल्यांकन करून घ्यावे लागते, पहिल्या लिलावाला ग्राहक आला नाही तर दुसरा काढावा लागतो, आणि तोवर सोसायटीची थकबाकी वाढत राहते. ज्या खात्यात पगार पुन्हा सुरू झाला आहे आणि चालू हप्ता येतो आहे, ते खाते सुधारणे हे लिलावापेक्षा ठेवीदारांच्याही हिताचे आहे. बुडालेल्या बँकांचे ताळेबंद पाहिलेत, तर त्यांना खाली ओढणारी कर्जे बहुतेक वेळा संचालकांच्या मर्जीतल्या मोठ्या खात्यांची असतात. नोकरदाराच्या सदनिकेच्या कर्जाने बँक बुडाल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

मग बँक हप्ते द्यायला का कचरते? त्याचे एक कारण नियमात आहे. रिझर्व्ह बँकेने नोव्हेंबर २०२१ मध्ये स्पष्ट केले, की एनपीए झालेले खाते पुन्हा प्रमाणित (नियमित) दर्जात आणायचे असेल, तर मुद्दल आणि व्याज यांची सगळी थकबाकी भरली गेली पाहिजे. काही हप्ते भरून थकबाकी ९० दिवसांच्या आत आणली, तरी ते पुरत नाही. म्हणजे भावोजींनी दहा महिन्यांत थकबाकी फेडायचे ठरवले, तर ते दहाही महिने खाते एनपीएच राहणार आणि बँकेला त्यावर तरतूद करावी, म्हणजे संभाव्य तोट्यासाठी नफ्यातून रक्कम बाजूला काढून ठेवावी लागणार. पहिल्या वर्षी, तारण असलेल्या अवप्रमाणित खात्यावर ही तरतूद १५ टक्के असते. १२ महिने उलटून खाते संशयित गटात गेले, की ती तारणाच्या भागावर २५ टक्क्यांवर जाते आणि पुढे वाढत राहते. म्हणून माझा सल्ला असा, की परतफेडीचे जे वेळापत्रक द्याल, ते एनपीए झाल्यापासून १२ महिन्यांच्या आत संपणारे असावे. अधिकाऱ्याला वरच्या कार्यालयात प्रस्ताव पाठवताना याचा मोठा आधार मिळतो.

हिशेबही मांडून पाहा. थकबाकी २ लाख ६० हजार दहा हप्त्यांत म्हणजे महिना २६ हजार, अधिक चालू हप्ता ३४ हजार, असे दरमहा ६० हजार रुपये जाणार. हा बोजा पगारात बसतो का, हे आधी घरात बसून प्रामाणिकपणे तपासा. बसत नसेल तर खोटे आश्वासन देऊ नका. वेळापत्रक मोडले, की दुसऱ्यांदा तुमच्या शब्दाला किंमत राहत नाही.

पश्चिमघाट

मी नोकरीनिमित्त कोचीत राहतो, त्यामुळे केरळमधले पाहिलेले सांगतो. इथल्या उच्च न्यायालयात असे आदेश खरोखरच होतात आणि त्यांचा साचाही जवळजवळ ठरलेला असतो. कर्जदार याचिका करतो, त्यात कारवाईच्या कायदेशीरपणाला आव्हान देण्याऐवजी केवळ थकबाकी भरायला मुदत मागतो. बँकेचे वकील थकबाकीचा आकडा सांगतात. न्यायालय ती थकबाकी समान मासिक हप्त्यांत, चालू हप्त्यासह, भरायला सांगते, कित्येकदा सुरुवातीला काही रक्कम एकदम भरण्याची अट घालते, आणि तोवर जप्तीची कारवाई थांबवून ठेवते. हप्ता चुकला तर बँकेला पुढे जायला मोकळीक, हे वाक्य त्या आदेशात असतेच.

आमच्या इमारतीतल्या एका कुटुंबाने अशा आदेशानुसार सगळी रक्कम भरली आणि ते आजही तिथेच राहतात. माझ्या कार्यालयातल्या एका सहकाऱ्याला मात्र ते जमले नाही. त्याने आदेश मिळाल्याच्या आनंदात चालू हप्त्याकडे दुर्लक्ष केले. फक्त थकबाकीचे हप्ते भरायचे आहेत असा त्याचा समज झाला होता, आणि बँकेने आदेशाच्या अटीवर बोट ठेवून कारवाई पुढे नेली. आदेशाचे प्रत्येक वाक्य वकिलांकडून समजून घेतले पाहिजे, हे मी तेव्हा पाहिले.

दक्षिणवारा

पण सर्वोच्च न्यायालयाला हे आदेश मान्य नाहीत, असे वाचले होते. खरे काय?

कायदेकानू

दक्षिणवारा, प्रश्न महत्त्वाचा आहे. २०१० च्या सत्यवती टंडन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की सरफेसी कायद्यात डीआरटीचा मार्ग दिलेला असताना उच्च न्यायालयांनी रिट याचिकांत (अनुच्छेद २२६ खालच्या याचिकांत) सहसा हस्तक्षेप करू नये. २०१८ मध्ये मॅथ्यू के. सी. प्रकरणात केरळ उच्च न्यायालयाने दिलेली अंतरिम स्थगिती रद्द झाली. २०२३ मध्ये साउथ इंडियन बँक विरुद्ध नवीन मॅथ्यू फिलिप या केरळमधूनच आलेल्या प्रकरणात, इतके निर्णय असूनही उच्च न्यायालये अशा याचिका दाखल करून घेत राहतात, याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने नापसंती व्यक्त केली. एकरकमी तडजोडीबद्दल (काही रक्कम सोडून बाकी एकदम घेऊन खाते बंद करण्याबद्दल) २०२१ च्या बिजनौर अर्बन सहकारी बँक प्रकरणात आणखी स्पष्ट भूमिका घेतली गेली, की तडजोड द्या असा आदेश न्यायालय बँकेला देऊ शकत नाही, तो बँकेचा व्यावसायिक निर्णय आहे.

तरीही हप्त्यांचे आदेश पूर्णपणे थांबले नाहीत, आणि त्याचे कारण मला असे दिसते, की त्यांत बहुतेक वेळा बँकेचे वकीलही ठाम विरोध करत नाहीत. बँकेला पैसे मिळत असतात आणि व्याजही सोडावे लागत नसते. न्यायालय कर्ज माफ करत नाही, फक्त थकबाकीची वेळ बदलते. मुंबई उच्च न्यायालयात मात्र साधारण अनुभव असा, की याचिका डीआरटीकडे जाण्याची मुभा देऊन निकाली निघते. म्हणून मुक्ताताई, केरळच्या वाटेने जाण्याचा विचार पहिल्या टप्प्यावर तरी नको.

अभंगराव

मला एक मूलभूत गोष्ट मांडायची आहे. थकलेली रक्कम हप्त्यांनी देण्याची मुभा ही काही केरळची नवी कल्पना नाही. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत, आदेश २० नियम ११ मध्ये, पैशाच्या हुकूमनाम्यातली रक्कम हप्त्यांनी भरायला सांगण्याचा अधिकार न्यायालयाला आहे. म्हणजे शंभराहून अधिक वर्षे आपला कायदा हे मान्य करतो, की पैसे बुडवण्याचा हेतू नसतानाही माणूस एकदम सगळी रक्कम उभी करू शकत नाही. सरफेसी कायदा करताना मोठे औद्योगिक थकबाकीदार डोळ्यांसमोर होते. तो राहत्या घराला त्याच कठोरपणे लावावा आणि दिवाणी न्यायालयाची ती जुनी माणुसकीची खिडकीही बंद करावी, हे मला पटत नाही. संसदेने राहत्या घरासाठी, पहिल्यांदा थकलेल्या आणि उत्पन्न पुन्हा सुरू झालेल्या कर्जदाराला एकदा हप्त्यांची संधी मिळेल, अशी स्पष्ट तरतूद करायला हवी.

ठेवीदार_एक

अभंगरावजी, कायद्यातच तरतूद झाली, तर माझा विरोध बराच मावळेल. माझा आक्षेप अनिश्चिततेला आहे. एका राज्यात सवलत मिळते, दुसऱ्यात मिळत नाही, एका पीठापुढे दहा हप्ते, दुसऱ्यापुढे वीस, हे कर्जदारालाही अन्यायकारक आहे आणि बँकेलाही. “पहिल्यांदा थकलेला” आणि “उत्पन्न पुन्हा सुरू झालेला” या दोन अटी मात्र कायम राहाव्यात.

कायदेकानू

अभंगराव, आदेश २० नियम ११ ची आठवण योग्य आहे, पण तो पैशाच्या हुकूमनाम्यांना लागू आहे. शिवाय हुकूमनामा झाल्यानंतर हप्ते पाडायचे असतील, तर त्याच नियमाप्रमाणे वसुली करणाऱ्याची संमती लागते. गहाणाच्या दाव्यांची व्यवस्था आदेश ३४ मध्ये वेगळी आहे. कायदा बदलावा, या आपल्या मताशी मात्र मी सहमत आहे. पूर्वी कर्जदाराला न्यायाधिकरणात दाद मागण्यासाठीच मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागे. ती अट २००४ मध्ये मार्डिया केमिकल्स प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली, तेव्हा कुठे सामान्य कर्जदाराला हे दार उघडले. आजही डीआरटीच्या निर्णयाविरुद्ध अपील करायचे तर कर्जदाराला ५० टक्के रक्कम भरावी लागते आणि ती फार तर २५ टक्क्यांपर्यंत कमी होऊ शकते. ३८ लाखांच्या मागणीवर २५ टक्के म्हणजे साडेनऊ लाख. सामान्य माणसाची खरी लढाई म्हणून डीआरटीतच संपते.

रेवती_क

मुक्ता, मी या सगळ्यातून गेले आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहिते.

माझे यजमान आजारी पडल्यावर आमचे हप्ते थकले. आम्ही नोटिशीला उत्तर दिले नव्हते, कारण कोणी तसे सुचवलेच नाही. नंतर दारावर ताब्याची नोटीस लागली. येणारे-जाणारे ती वाचत होते आणि मुलीने शाळेतून येताना ती वाचली, तो दिवस मला विसरता येत नाही. त्यानंतर आम्ही मुंबईच्या डीआरटीत कलम १७ खाली अर्ज केला. न्यायाधिकरणाने प्रत्यक्ष ताब्याला स्थगिती दिली, पण विनाअट नाही. आधी ठरावीक रक्कम बँकेत भरा, मग पुढची तारीख, असे ते होते. ती रक्कम आम्ही दागिने मोडून भरली. पैसे भरल्याची पावती जोडून पुढच्या तारखेला आमच्या वकीलबाई उभ्या राहिल्या, तेव्हा बँकेच्या वकिलांचा सूर बदललेला मला स्पष्ट जाणवला. त्यानंतर बँकेनेच बोलणी सुरू केली, उरलेली थकबाकी हप्त्यांनी घ्यायचे लेखी ठरले आणि तो मसुदा न्यायाधिकरणापुढे ठेवला गेला.

मला सांगायचे आहे ते हे, की हप्ते न्यायाधिकरणाने पाडून दिले नाहीत. त्याने फक्त आम्हाला वेळ दिला आणि त्या वेळात बँकेला आमच्यावर विश्वास ठेवायला कारण मिळाले. आमच्या आधी पुकारा झालेल्या एका गृहस्थांनी भावनिक निवेदन केले, पण एक रुपयाही भरलेला नव्हता. त्यांना स्थगिती मिळाली नाही. मला त्यांच्याबद्दल आजही वाईट वाटते, पण न्यायाधिकरणाने दुसरे काय करायला हवे होते, हे मला सांगता येणार नाही.

मुक्ता_प (धागाकर्ती)

रेवतीताई, इतके मोकळेपणाने लिहिल्याबद्दल मनापासून आभार. तुमचा प्रतिसाद बहिणीला वाचून दाखवला. निवृत्त_बँकर यांना एक विचारायचे आहे. आत्ता थोडे पैसे हाताशी आहेत. नोटिशीनंतर भरलेले पैसे बँक स्वीकारते का, की ते वाया जातात?

निवृत्त_बँकर

स्वीकारते, आणि वाया मुळीच जात नाहीत. फक्त ते कशात जमा झाले, ते पाहा. पैसे कर्जखात्यातच भरा, भरताना “थकीत हप्त्यांपोटी” असे पत्र द्या आणि त्याची पोच घ्या. नाहीतर रक्कम आधी शुल्क आणि खर्च यांत वळती होते आणि थकलेले हप्ते तसेच दिसत राहतात.

कर्जखात्याचा पूर्ण उतारा मागवा आणि दंडाची नोंद नीट तपासा. रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार दंड हा व्याजदरात मिसळता येत नाही, तो दंडात्मक शुल्क म्हणून वेगळा लावावा लागतो आणि त्यावर पुन्हा व्याज चढवता येत नाही. जुन्या कर्जांनाही हा नियम २०२४ च्या जूनअखेरपर्यंत लागू करायचा होता. आकडा चुकीचा असेल, तर कलम १३(३अ) च्या निवेदनात तो मुद्दा पहिला घ्या. आणखी एक, वसुली प्रतिनिधी सकाळी ८ च्या आधी किंवा संध्याकाळी ७ नंतर फोन करत असतील, तर रिझर्व्ह बँकेचा त्याला स्पष्ट मज्जाव आहे. अशी तक्रार आधी बँकेच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे द्यावी, आणि ३० दिवसांत समाधान झाले नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे. मात्र हप्ते पाडून द्या, असा आदेश लोकपाल देणार नाहीत.

शिवारातला

आमच्या भावाचे घरकर्ज पतसंस्थेचे आहे. त्यालाही हाच कायदा लागू होतो का?

कायदेकानू

शिवारातला, पतसंस्था ही बँक नाही, त्यामुळे तिची वसुली महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० खाली होते. कलम १०१ खाली निबंधकांकडून वसुली दाखला मिळवायचा आणि कलम १५६ व नियम १०७ प्रमाणे जप्ती-विक्री करायची, असा तो मार्ग आहे. दाखल्याच्या अर्जावर सुनावणी होते, तेव्हा भावाने हजर राहून रकमेचा हिशेब मागावा आणि हप्त्यांचा लेखी प्रस्ताव तिथेच द्यावा. कर्ज सहकारी बँकेचे असेल, तर मात्र सरफेसी लागू होतो. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने पांडुरंग गणपती चौगुले प्रकरणात ते स्पष्ट केले आणि ते प्रकरण आपल्या कोल्हापूरकडच्या मुरगूडच्या सहकारी बँकेचेच होते.

दक्षिणवारा

लोकअदालतीचा कोणी उल्लेख केला नाही. तिथे तडजोड झाली तर तो निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नसते, आणि दावापूर्व प्रकरणेही घेतली जातात. बँका तिथे बऱ्याचदा प्रतिनिधी पाठवतात.

निवृत्त_बँकर

चांगला मार्ग आहे, पण एक सावधगिरी घ्या. लोकअदालतीत बँका बहुधा एकरकमी तडजोडीचा प्रस्ताव आणतात, म्हणजे काही रक्कम सोडून देऊन खाते बंद करायचे. मुक्ताताईंच्या बहिणीला खाते बंद करायचे नाही, ते सुरू ठेवायचे आहे. तडजोडीने बंद झालेल्या खात्यावर पतअहवालात “सेटल्ड” असा शेरा राहतो आणि पुढच्या कर्जाला तो नडतो. थकबाकी पूर्ण भरून नियमित केलेल्या खात्याची स्थिती त्याहून खूपच चांगली. कोणी “दोन लाख सोडतो, सही करा” म्हटले, तरी उरलेले सगळे कर्ज किती दिवसांत एकदम भरायचे आहे, ते आधी वाचा.

अभंगराव

आणि कितीही वाईट वेळ आली, तरी लिलावाची जाहिरात येईपर्यंत थांबू नका. पूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत तारण सोडवता येत असे. २०१६ च्या दुरुस्तीने कलम १३(८) बदलले, आणि २०२३ च्या बाफना मोटर्स प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाली की तो हक्क संपतो. अनेक घरांत अजून जुनीच समजूत आहे, की लिलावाच्या आदल्या दिवशी पैसे घेऊन गेले तरी चालते. या समजुतीने माणसे घर गमावतात, म्हणून मी हे जिथे संधी मिळेल तिथे सांगतो.

रेवती_क

अभंगरावांचे म्हणणे शंभर टक्के खरे आहे. डीआरटीत आमच्या बरोबरीने येणाऱ्या कितीतरी लोकांची ही समजूत मी ऐकली आहे.

ठेवीदार_एक

हा धागा वाचल्यावर माझे मत थोडे बदलले आहे, ते नोंदवतो. मुक्ताताईंच्या बहिणीसारख्या कुटुंबाला मुदत मिळावी, कारण त्यात ठेवीदाराचे नुकसान नाही. मात्र ती मुदत बँकेनेच आपल्या धोरणात लेखी स्वरूपात ठेवावी, शाखेत त्याचा अर्ज उपलब्ध असावा आणि नकार दिला तर कारण कळवावे. मग न्यायालयाकडे धाव घ्यायची गरजच बऱ्याच जणांना पडणार नाही. आज शाखा वसुली विभागाकडे बोट दाखवते आणि वसुली विभाग वकिलाकडे, यात महिने जातात आणि व्याज चढत राहते.

मुक्ता_प (धागाकर्ती)

सर्वांचे आभार. नोटीस मिळून ६० दिवस व्हायला अजून अवकाश आहे. त्यामुळे कलम १३(३अ) चे निवेदन या आठवड्यातच बँकेच्या अधिकृत अधिकाऱ्याच्या नावे देणार आहोत. त्यात भावोजींचे नेमणूकपत्र आणि पगाराचा दाखला, कर्जखात्याच्या उताऱ्यातील दंडाबद्दलचा आक्षेप, दहा हप्त्यांचे वेळापत्रक आणि पहिल्या दोन हप्त्यांइतकी रक्कम भरल्याची पावती जोडणार आहोत. नकार आला आणि पुढे कलम १३(४) ची कारवाई झाली, तर पुण्याच्या डीआरटीत जायची तयारी ठेवली आहे. एक शेवटची शंका आहे. या कर्जाला आमचे बाबा जामीनदार आहेत. निवेदनावर त्यांची सही लागेल का?

कायदेकानू

घ्याच. सरफेसी कायद्यात “कर्जदार” या व्याख्येत जामीनदारही येतो, त्यामुळे नोटीस त्यांच्याही नावे आली असणार. ती त्यांना कोणत्या तारखेला मिळाली, तेही पाहा. दुसरे असे, की भारतीय करार अधिनियमाच्या कलम १३५ प्रमाणे जामीनदाराच्या संमतीशिवाय मूळ ऋणकोला मुदतवाढ देण्याचा करार झाला, तर जामीनदार मोकळा होऊ शकतो. बँकांच्या जामीनपत्रात हा हक्क सोडल्याचे कलम बहुधा असते, तरीही हप्त्यांच्या कोणत्याही कागदावर बँक जामीनदाराची सही मागतेच. बाबांची सही निवेदनावर आधीपासून असली, तर मंजुरीच्या वेळी त्यासाठी प्रकरण अडून राहणार नाही. बहीण सहकर्जदार असेल, तर तिचीही सही घ्या. निवेदन स्पीड पोस्टाने पाठवून त्याची पोच ठेवा आणि त्याची एक प्रत शाखेत शिक्का मारून घ्या.